पत्ता म्हणजे चित्र नव्हे

घराच्या क्रमांकावरून त्या घरात किती माणसे राहतात हे कळत नाही, आणि पाकिटावरील पत्ता वाचून आतील पत्राचा मजकूर समजत नाही, ही गोष्ट कोणाही सुज्ञ मनुष्यास सांगावी लागत नाही. तथापि तोच सुज्ञ मनुष्य मोबाईलवरील छायाचित्रांसाठी एखादे अ‍ॅप तयार करू लागला, म्हणजे नेमकी हीच साधी गोष्ट विसरतो. तो पत्त्यालाच चित्र समजतो. पत्त्यातील अंकांनाच कालक्रम मानतो. आणि एकदा पत्ता हाती आला, की चित्रावर आपला कायमचा अधिकार प्रस्थापित झाला अशी स्वतःची समजूत करून घेतो. या तिन्ही समजुती सारख्याच भ्रामक आहेत, आणि त्यांची किंमत बहुधा अ‍ॅप करणाऱ्यास नव्हे, तर विश्वासाने चित्रे सोपविणाऱ्यास मोजावी लागते, असे माझे स्पष्ट मत आहे.

शाळेच्या वार्षिक अंकात हा रूक्ष विषय कशासाठी, असा प्रश्न काही वाचकांच्या मनात येईल. त्याचे उत्तर आपल्या घरांतच आहे. बडोद्यासारख्या शहरात पिढ्यान्‌पिढ्या नांदणाऱ्या मराठी कुटुंबांजवळ जुन्या छायाचित्रांचा ठेवा असतो: लग्नाच्या मांडवातील समूहचित्र, मुंजीतील बटू, वाड्याच्या पायरीवर बसलेल्या पणजीबाई. मूळ कागद पिवळा पडतो, कोपरे झडतात, वाळवी लागते. म्हणून घरातील नातवंडे त्या चित्रांची मोबाईलने प्रतिमा घेतात. पुष्कळदा पुढे मूळ चित्र नाहीसे होते आणि ती एकुलती एक प्रतिमाच मागे उरते. इकडे वरच्या वर्गांतील आपले विद्यार्थी स्वतःची छोटी अ‍ॅप रचू लागले आहेत, आणि ‘घरच्या चित्रांचा संग्रह’ हा त्यांचा आवडता विषय आहे. तेव्हा हा प्रश्न तांत्रिक असला, तरी जबाबदारी कौटुंबिक आहे.

प्रथम पत्ता म्हणजे काय ते पाहू. संगणकाच्या जगातील कोणत्याही वस्तूचा ठावठिकाणा सांगणाऱ्या नियमबद्ध अक्षरमालिकेस ‘युनिफॉर्म रिसोर्स आयडेंटिफायर’, संक्षेपाने ‘यूआरआय’, असे म्हणतात. टिम बर्नर्स-ली, रॉय फील्डिंग आणि लॅरी मासिंटर यांनी जानेवारी २००५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या नियमपत्रात त्याची रचना निश्चित करून दिली आहे. त्यानुसार अशा पत्त्याचे जास्तीत जास्त ५ भाग पडतात: पद्धतीचे नाव, अधिकाऱ्याचे नाव, मार्ग, विचारणा आणि अंतर्गत खूण. अँड्रॉइड प्रणालीच्या मोबाईलवर चित्राचा पत्ता मुख्यतः दोन प्रकारांनी आढळतो. एकाचा आरंभ ‘फाइल’ या शब्दाने होतो व पुढे चित्र कोणत्या कप्प्यात ठेवले आहे त्याचा सरळ मार्ग असतो. दुसऱ्याचा आरंभ ‘कंटेंट’ या शब्दाने होतो. पुढे मागणी कोणत्या भांडारपालाकडे करावयाची त्याचे नाव येते, आणि शेवटी बहुधा एक अंक येतो. हा अंक म्हणजे त्या भांडारपालाच्या वहीतील नोंदीचा क्रमांक होय. चित्र कोणत्या कप्प्यात आहे, ते कोणी व केव्हा काढले, त्यात कोण आहे, यांपैकी काहीही तो सांगत नाही. सांगण्याचा त्याचा दावाही नाही.

हा भेद बडोदेकरांस तरी नवखा वाटू नये. महाराज सयाजीराव गायकवाड यांनी १९१० साली अमेरिकेतून विल्यम अ‍ॅलन्सन बॉर्डन या ग्रंथपालास येथे आणले आणि त्याच साली मध्यवर्ती ग्रंथालयाचा पाया घातला गेला. अशा ग्रंथालयात पुस्तकाची सूचिपत्रिका निराळी, मांडणीवरील जागा निराळी आणि ते घरी नेण्याची परवानगी निराळी असते. मांडणी हलली म्हणून पुस्तकाचा कर्ता बदलत नाही. आणि सूचिपत्रिका खिशात घातल्याने पुस्तक आपले होत नाही. वाचनालयात बसणाऱ्या मुलास जे कळते, ते अ‍ॅप रचणाऱ्या मुलाने विसरावे हे योग्य नव्हे.

आता अधिकाराचा प्रश्न घेऊ. ‘कंटेंट’ने आरंभ होणारा पत्ता हा स्वतः अधिकार नसून अधिकाराबरोबर दिलेली एक चिठ्ठी आहे, आणि त्या चिठ्ठीस मुदत असते. अँड्रॉइडच्या चित्र-निवडकातून वापरणाऱ्याने एखादे चित्र निवडून दिले, तर ते पाहण्याची अनुमती सामान्यतः अ‍ॅप बंद होईपर्यंत किंवा मोबाईल पुन्हा सुरू होईपर्यंतच टिकते. अनुमती पुढेही हवी असल्यास अ‍ॅपने ती स्पष्ट शब्दांत मागून नोंदवून घ्यावी लागते. ही सोय २०१३ सालच्या ४.४ या आवृत्तीपासून हळूहळू विकसित होत आली आहे. अशी नोंद करून घेतली, तरी चित्र काढून टाकले गेले म्हणजे पत्ता निरर्थक होतो. शिवाय भांडाराची वही काही कारणाने नव्याने लिहिली गेली, तर जुने क्रमांक बदलू शकतात. सारांश, पत्ता हा आजचा पत्ता असतो; तो चिरंतन ओळखपत्र कधीच नसतो.

माझ्या परिचयाच्या एका कुटुंबाने आजोबांच्या काळातील चित्रे अशाच एका हौशी अ‍ॅपमध्ये भरली. प्रत्येक चित्राखाली आजीने सांगितलेली नावे मोठ्या निगुतीने लिहिली. त्या दिवशी सर्व चित्रे उत्तम दिसली. दुसऱ्या दिवशी मोबाईल बंद करून पुन्हा सुरू केला, तो चित्रांच्या जागी करड्या रंगाचे रिकामे चौकोन! नावे होती, चेहरे नव्हते. अ‍ॅपने चित्रे ठेवलीच नव्हती. केवळ चिठ्ठ्या ठेवल्या होत्या, आणि चिठ्ठ्यांची मुदत संपली होती. सुदैवाने मूळ प्रतिमा मोबाईलमध्ये अन्यत्र होत्या. परंतु कोणत्या नावांखाली कोणते चित्र होते, हे पुन्हा जुळविण्यास आजींना दोन दिवस बसावे लागले. ते चित्र पाहताच नावे सांगणारी व्यक्ती घरात होती, म्हणून हे निभावले. प्रत्येक घरात ती असेलच असे नाही.

यावरून माझे पहिले आग्रहाचे प्रतिपादन असे: जे चित्र जपण्यासाठी म्हणून सोपविले गेले आहे, त्याची प्रत अ‍ॅपने आपल्या खासगी जागेत करून घ्यावी, आणि जे चित्र केवळ दाखवावयाचे आहे, त्याचा पत्ता मुदतीच्या नोंदीसह ठेवावा. या दोहोंची गल्लत करू नये. प्रत केल्याने जागा अडते हे खरे. परंतु जपणूक हाच ज्या अ‍ॅपचा हेतू, त्याने जागेची काटकसर करून हेतूच बुडविणे म्हणजे शितासाठी भात सांडण्यासारखे आहे. अर्थात अ‍ॅप काढून टाकले की त्याची खासगी जागाही पुसली जाते, हे ध्यानात घेऊन संग्रह बाहेर काढून ठेवण्याची सोयही त्याच अ‍ॅपमध्ये असली पाहिजे.

दुसरा प्रश्न क्रमाचा. चित्रांचा ढीग हा संग्रह नव्हे. क्रम लागला म्हणजे तो संग्रह होतो. परंतु क्रम कशाच्या आधारे लावावयाचा? पुष्कळजण सरळ पत्त्यांचीच अक्षरानुक्रमे मांडणी करून मोकळे होतात. त्याचा परिणाम पाहा. ‘चित्र १’, ‘चित्र २’, ‘चित्र १०’, ‘चित्र ११’ अशी नावे असली, तर अक्षराला अक्षर ताडून पाहणारे यंत्र ‘चित्र १’, ‘चित्र १०’, ‘चित्र ११’, ‘चित्र २’ असा क्रम लावते. कारण त्याच्या लेखी १० ही संख्या नसून १ आणि ० ही दोन चिन्हे आहेत. ‘००१’, ‘००२’, ‘०१०’ अशी समान लांबीची नावे दिल्यास हा दोष जातो. तारखाही प्रथम वर्ष, मग महिना, मग दिवस अशा लिहिल्या, म्हणजे ‘१९५८-०३-१२’ या रीतीने, तर अक्षरक्रम व कालक्रम एकच होतात. १९८८ सालच्या आंतरराष्ट्रीय प्रमाणाने हीच रीत पुरस्कृत केली आहे. आपण दिवस आधी लिहितो; ते बोलण्यास सोयीचे, पण मांडणीस गैरसोयीचे.

मराठी नावे आली, की अडचण दुणावते. पत्त्यात इंग्रजी वर्णमालेतील अक्षरे, अंक व थोडीशी चिन्हे एवढ्यांसच प्रवेश असल्याने देवनागरी अक्षर तेथे सांकेतिक रूपाने लिहावे लागते. प्रचलित रीतीत एका देवनागरी वर्णास किंवा मात्रेस ३ बाइट लागतात व प्रत्येक बाइटसाठी टक्क्याचे चिन्ह धरून ३ चिन्हे लिहावी लागतात. म्हणजे ‘आई’ हा दोन अक्षरांचा शब्द पत्त्यात १८ चिन्हांचा होतो आणि ‘शाळा’ ३६ चिन्हांचा! असा पत्ता जसाच्या तसा वाचकापुढे ठेवणे म्हणजे त्याची थट्टाच होय. क्रमाचीही तीच गत. यंत्राच्या सांकेतिक कोष्टकात ‘ळ’ हा ‘ल’च्या पाठोपाठ व ‘व’च्या आधी येतो, आपल्या पाटीवरील वर्णमालेत तो ‘ह’नंतर येतो. म्हणून यंत्राच्या यादीत ‘काळे’ हे ‘काशीकर’ यांच्या आधी बसतात, आणि ‘क्षीरसागर’ हे ‘खरे’ यांच्याही आधी जाऊन पोचतात. आपल्या वर्णमालेप्रमाणे हे दोन्ही क्रम उलटे आहेत. मराठीच्या क्रमाचे नियम जाणणारी साधने आज उपलब्ध आहेत. ती योजण्याचा आळस करणे म्हणजे आपल्या भाषेस आपल्याच घरात पाहुणी करणे होय. मराठी शाळेतील विद्यार्थ्याने तरी ते करू नये.

नावांपेक्षाही महत्त्वाचा आधार काळाचा. अँड्रॉइडच्या भांडाराच्या वहीत चित्राबद्दल निदान दोन काळ आढळतात: चित्र वहीत केव्हा दाखल झाले तो, आणि चित्र केव्हा काढले गेले तो. पहिला सेकंदांत मोजतात, दुसरा मिलिसेकंदांत; दोहोंची गणना १ जानेवारी १९७० पासून होते. ही सूक्ष्म बाब ज्याच्या ध्यानी राहत नाही, त्याच्या अ‍ॅपमध्ये आज काढलेली चित्रेही १९७० सालच्या जानेवारीत जाऊन बसतात. शिवाय नवा मोबाईल घेऊन जुनी चित्रे त्यात भरली, की दहा वर्षांची चित्रे एकाच दिवशी ‘दाखल’ झालेली दिसू शकतात. म्हणून दाखल होण्याच्या काळास चित्राचा काळ समजणे म्हणजे मुलाच्या जन्मतारखेऐवजी त्याच्या शाळाप्रवेशाची तारीख लिहिण्यासारखे आहे.

चित्र काढल्याचा काळ बहुधा चित्राच्याच पोटात लिहिलेला असतो. ‘एक्झिफ’ नावाच्या या नोंदीची पद्धत जपानमध्ये १९९५ साली निघाली. परंतु तीही निर्दोष नाही. मूळ पद्धतीत घड्याळाची वेळ लिहिली जाई. ती कोणत्या देशाची वेळ हे लिहिण्याची सोय २०१६ साली झाली. कॅमेऱ्याचे घड्याळ चुकले असेल, तर नोंदही चुकते. संदेशवाहक अ‍ॅपमधून आलेल्या चित्रांतील ही नोंद बहुधा गळून पडलेली असते. आणि आपल्या दृष्टीने सर्वांत मोठी उणीव ही, की १९५८ सालच्या लग्नाच्या कागदी चित्राची आज प्रतिमा घेतली, तर यंत्र प्रामाणिकपणे आजचीच तारीख लिहिते. यंत्र खोटे बोलत नाही. प्रतिमा खरोखरच आज घेतली. पण आपला प्रश्न निराळा होता. प्रतिमा केव्हा घेतली हे आपणास विचारावयाचे नव्हते. ते लग्न केव्हा झाले हे विचारावयाचे होते. त्या प्रश्नाचे उत्तर ना पत्त्यात आहे, ना वहीत, ना चित्राच्या पोटात. ते केवळ घरातील वडीलधाऱ्यांच्या स्मरणात आहे.

म्हणून माझे दुसरे प्रतिपादन असे, की संग्रहाच्या अ‍ॅपमध्ये ‘प्रसंगाचा काळ’ हा स्वतंत्र रकाना असावा, तो मनुष्याने भरावा, आणि क्रम लावताना त्यास पहिला मान द्यावा. तो ठाऊक नसेल, तेथे ‘सुमारे १९५८’ असे लिहिण्याची मुभा असावी. तेवढेही ठाऊक नसेल, तर रकाना रिकामा ठेवून ते चित्र ‘काळ अज्ञात’ या शीर्षकाखाली वेगळे दाखवावे. रिकामा रकाना पाहून उद्या एखादी आत्याबाई सांगेल, ‘अरे, हे तर पुरापूर्वीचे!’ आणि तो भरला जाईल. खोट्या तारखेने भरलेला रकाना पाहून मात्र कोणीही प्रश्न विचारणार नाही. अज्ञान उघडे ठेवले तर ते दूर होण्याची आशा असते. झाकले तर तेच उद्या इतिहास म्हणून मिरवते.

क्रम लावण्याच्या कृतीविषयी दोन शब्द अवश्य आहेत. १,००० चित्रे क्रमाने लावावयाची, तर यंत्रास सुमारे १०,००० वेळा दोन-दोन चित्रांची तुलना करावी लागते. प्रत्येक तुलनेच्या वेळी दोन्ही चित्रे उघडून तारीख वाचू लागल्यास २०,००० वेळा चित्र उघडावे लागेल; मोबाईल तापेल आणि वापरणारा कंटाळेल. उलटपक्षी प्रत्येक चित्राची तारीख एकदाच वाचून टिपून ठेवली, तर १,००० वाचनांतच काम भागते. तसेच एकाच तारखेची अनेक चित्रे असता त्यांचा आपसांतील क्रम ठरविण्यास दुसरा आधार, उदाहरणार्थ नाव किंवा संग्रहातील क्रमांक, आधीच नेमून ठेवावा. नाहीतर तीच चित्रे सकाळी एका क्रमाने व सायंकाळी दुसऱ्या क्रमाने दिसण्याचा संभव राहतो.

त्याचप्रमाणे, पत्ते निराळे म्हणून चित्रे निराळी असे मानू नये. एकच चित्र दोन भांडारपालांमार्फत मागविले, तर दोन पत्ते येतात आणि संग्रहात तेच आजोबा दोनदा बसतात. चित्रातील सर्व माहितीचे गणित करून तिचा लहानसा ‘ठसा’ काढण्याच्या रीती आहेत. तो ठसा जुळला, तर चित्र तेच. मात्र संदेशातून जाताना आकुंचित झालेल्या प्रतीचा ठसा निराळा येतो, हेही ध्यानात असावे. तेथे अखेरचा निवाडा डोळ्यांनीच करावा लागतो.

आता विरुद्ध पक्षाचे म्हणणे ऐकू. काहीजण म्हणतील, ‘हा सर्व खटाटोप कशाला? अ‍ॅपने एकदाच सर्व चित्रांची परवानगी मागावी, म्हणजे चिठ्ठ्यांची कटकट नको.’ हा युक्तिवाद सोयीचा आहे, परंतु सभ्य नाही. पाहुण्यास एक पुस्तक दाखवावयाचे म्हणून कोणी घराच्या सर्व किल्ल्या त्याच्या हाती देत नाही. अँड्रॉइडच्या नियमांची वाटचालही याच दिशेने झाली आहे. २०१६ साली ७.० या आवृत्तीने ‘फाइल’ पद्धतीचे उघडे पत्ते दुसऱ्या अ‍ॅपच्या हाती देण्यास अटकाव केला. २०१९ साली १० व्या आवृत्तीने प्रत्येक अ‍ॅपला सामाईक भांडारात मर्यादा घालून दिली, आणि चित्रातील स्थळाची नोंद वाचण्यास वेगळी परवानगी आवश्यक केली. २०२२ साली १३ व्या आवृत्तीत निवडक चित्रेच देणारा निवडक आला. आणि २०२३ साली १४ व्या आवृत्तीने ‘सर्व नव्हे, एवढीच चित्रे’ असे उत्तर देण्याची मुभा दिली. अनेक अ‍ॅप करणारे या नियमांना अडथळे म्हणतात. मला ते घराचा उंबरठा वाटतात. उंबरठ्यास अडखळणाऱ्याने उंबरठा उपटावयाचा नसतो. पाऊल उचलावयास शिकावयाचे असते.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. ‘मोठ्या कंपन्यांची अ‍ॅप चेहरे ओळखतात, चित्रे आपोआप लावतात, मग शाळकरी मुलांनी हे शिकण्यात वेळ का घालवावा?’ असे विचारले जाते. यंत्राचे हे सामर्थ्य मी नाकारीत नाही. ते दोन चित्रांतील एकच चेहरा ओळखील. पण तो चेहरा मावशीचा की आत्याचा, ती कोणत्या गावाहून सून म्हणून आली, आणि त्या दिवशी घरात कोणता प्रसंग होता, हे त्यास कोणी सांगितल्यावाचून कळणार नाही. शिवाय जो स्वतः एकदा पत्ता, परवानगी, प्रत आणि क्रम यांतील भेद समजून घेतो, तो दुसऱ्याचे अ‍ॅप वापरतानाही डोळे उघडे ठेवतो. ‘माझे चित्र तुमच्याजवळ आहे, की केवळ त्याचा पत्ता आहे?’ हा प्रश्न विचारण्याइतके ज्ञान प्रत्येक विद्यार्थ्यास असावे. सर्वांनी अ‍ॅप रचावे असा माझा आग्रह नाही. पण या प्रश्नाचा अर्थ सर्वांस कळावा असा मात्र आहे.

विद्यार्थी बंधुभगिनींनो, येत्या सुटीत ज्यांना शक्य आहे त्यांनी एक काम अंगावर घ्यावे. घरातील जुन्या चित्रांपैकी प्रथम २० च चित्रे निवडावीत. घरातील सर्वांत वडील व्यक्तीजवळ बसून प्रत्येक चित्रातील नावे डावीकडून उजवीकडे, प्रसंग, स्थळ व काळ विचारून वहीत लिहावा. ठाऊक नसेल तेथे ‘अज्ञात’ असे लिहावे. चित्रास ‘०१’ ते ‘२०’ असे क्रमांक द्यावेत व तेच क्रमांक वहीत घालावेत. त्यानंतर प्रतिमा घ्याव्यात, दोन निरनिराळ्या ठिकाणी प्रती ठेवाव्यात, आणि मगच अ‍ॅपचा विचार करावा. ज्याची वही तयार आहे, त्यास अ‍ॅप रचणे सोपे जाईल. आणि ते कधी बिघडले, तरी चेहऱ्यांची नावे हरवणार नाहीत. यंत्राचे काम पुढील वर्षीही करता येईल. वडीलधाऱ्यांजवळ बसण्याचे काम मात्र याच सुटीत केलेले बरे.